साळूबाईची सत्तेचाळीस मिनिटं

शरयू लिमये हे नाव पडद्यावर दोन-अडीच सेकंद दिसतं आणि जातं. तोवर लोक खुर्च्यांवरून उठून चपला शोधत असतात. पण सिनेमाच्या धंद्यात ते नाव ठाऊक नाही असा माणूस विरळा. बत्तीस वर्षांत तिनं विनोदी सिनेमे कापले, भुताचे कापले, घोड्या-तलवारींचे कापले, ट्रॅक्टरच्या जाहिराती कापल्या, सलग नऊ वर्षं रोजची मालिका कापली. परदेशातून बक्षिसं घेऊन आलेले दोन संथ सिनेमेही तिच्याच हातचे. 'कापणं' हा तिचाच शब्द. कुणी संकलन म्हटलं की तिला हसू यायचं.

सुरुवात झाली ती सांगलीतच. एकोणिसाव्या वर्षी ती गणपती पेठेत जयराज नावाच्या माणसाच्या व्हिडिओ शूटिंगच्या दुकानात लागली. दोन व्हीसीआर शेजारी शेजारी ठेवलेले, एकात कॅसेट फिरायची, दुसऱ्यात उतरायची. तासगाव, कवठे महांकाळ, जत, कुठकुठली लग्नं तिथं यायची. जयराज सांगायचा, "रुसलेला मामा काढायचा आणि हसणारी आत्या ठेवायची. लोक पैसे त्याचेच देतात." शरयूनं ते असं उचललं की वर्षभरात गिऱ्हाइकं 'त्या पोरीकडूनच करून द्या' म्हणायला लागली. पुढं ती मुंबईला गेली. कुठल्याही तऱ्हेचा सिनेमा आला तरी ती त्याच्या अंगानं कापायची. पडायला आलेला सिनेमा शरयूकडे न्या, ती उभा करते, असं लोक म्हणत. एका मुलाखतीत कुणीतरी विचारलं, "तुमची स्वतःची शैली कोणती?" ती म्हणाली, "मला शैली नाही. सांधा दिसला नाही म्हणजे झालं." ते ती अभिमानानं म्हणाली होती.

तीन वर्षांपूर्वी आई गेली आणि तात्या, म्हणजे तिचे वडील, विश्रामबागेतल्या घरात एकटे पडले. तात्या पोस्टातून निवृत्त झालेले, वय ब्याऐंशी. शरयूनं मुंबईचं बिऱ्हाड हलवलं आणि सांगलीच्या घरात वरच्या खोलीत दोन पडदे मांडले. चित्रीकरण इंटरनेटवरून यायचं, कापलेलं इंटरनेटवरूनच जायचं. खाली तात्यांचं पेपरवाचन, वर मालिकेतल्या सासवा. दिवस बरे चालले होते.

दिवाळी होऊन आठवडा झाला असेल. सकाळी दहाच्या सुमारास दाराची बेल वाजली. दारात एक म्हातारा उभा होता. पांढरं धोतर, धुवट नेहरू शर्ट, डोक्याला पटका. सोबत विशीतली एक मुलगी, पाठीला सॅक अडकवलेली.

"शरयू लिमये मॅडम इथंच राहतात का?" मुलीनं विचारलं. "मी मयूरी. मिरजेला नर्सिंगला आहे. हे माझे आजोबा. म्हसवडजवळच्या वस्तीवरून आलेत."

शरयूनं दोघांना आत घेतलं, पाणी दिलं. म्हातारा खुर्चीच्या कडेला टेकला, जणू पूर्ण बसलं तर कुणीतरी उठवील. त्याचं नाव केरबा.

"मॅडम, तुम्ही चारा छावणीवरचा माहितीपट केला होता ना? बारा वर्षांपूर्वी, दुष्काळात?" मयूरी म्हणाली. "इंटरनेटवर आहे तो. शेवटी तुमचं नाव येतं. त्यावरून मी शोधलं."

शरयूला एकदम आठवेना. मग आठवलं. माण तालुक्यातली छावणी, ताडपत्र्यांखाली बांधलेली हजारो जनावरं, टँकरच्या रांगा. धैर्यशील नावाच्या तरुण दिग्दर्शकानं तो केला होता. चाळीस मिनिटांचा.

"त्यात माझी आजी आहे," मयूरी म्हणाली. "नऊ सेकंद. पाटीत शेण भरताना. वर बासरी वाजते."

"साळूबाई तिचं नाव," केरबा प्रथमच बोलला. "ताई, ती त्या दिशी लय बोलली हुती. घंटाभर तरी. म्या सोता बघितलं. तिच्या लुगड्याला त्यो बारका माइक लावल्याला. तुमच्या सिनेमात तिचं तोंड हालतंय, पर आवाज न्हाई."

"आजी आता...?" शरयूनं विचारलं.

"आखाडात गेली," केरबा म्हणाला. "त्याआदी चार वर्सं वाचा न्हवती. अर्धांग झालं न् जीभ जड पडली. घरात फोटू हायेत, ताई. पोराच्या लग्नातला हाय, आधारकार्डाचा हाय. आवाज कुटंच न्हाई. त्यो मोबाइल घरात आला तवा तिची वाचा गेल्याली. तिचं ते समदं बोलनं आसंल का वो तुमच्याकडं? आख्खं?"

तात्या पेपर खाली ठेवून बघत होते. शरयूनं खरं ते सांगितलं. चित्रीकरण दिग्दर्शकाचं असतं, काम संपलं की संकलक ते परत करतो, बारा वर्षं म्हणजे फार झाली. तरी बघते, म्हणाली. केरबानं दोन्ही हात जोडले आणि उठला. चहा झाल्याशिवाय जाऊ नका म्हटल्यावर पुन्हा टेकला, चहा बशीत ओतून प्यायला आणि गेला. जाताना दारात थांबून म्हणाला, "न्हाई घावलं तरी सांगा. म्हंजी वाट बघायला नको."

दुपारी तिनं धैर्यशीलला फोन लावला. त्यानं सिनेमे कधीच सोडले होते. वाईला त्याचं आता छोटंसं हॉटेल होतं.

"साळूबाई ना?" तो लगेच म्हणाला. "हिरवं लुगडं. माझ्याकडे काही नाही गं. सगळं तुझ्याकडेच राहिलं होतं. मी परत मागितलंच नाही." मग म्हणाला, "तुला आठवतंय का, मी तिला ठेवू म्हणत होतो. आपलं भांडण झालं होतं त्यावरून."

"मला नाही आठवत."

"तू म्हणालीस, विषय पाण्याचा आहे, आणि ही बाई भलतंच बोलतेय. शिवाय किती थांबते! फिल्मची लय मोडते. तुझंच बरोबर होतं म्हणा. फिल्म छान झाली."

शरयूनं फोन ठेवला. दिवाणाखालच्या खोक्यात तिनं आयुष्यभराच्या जुन्या हार्ड डिस्क ठेवल्या होत्या, प्रत्येकीवर कागदाची चिकटपट्टी. छावणीची सापडली, पण लावल्यावर नुसतीच टिकटिकत राहिली. कुपवाडच्या औद्योगिक वसाहतीत कारखान्यांचे कॉम्प्युटर दुरुस्त करणारा वीरधवल म्हणून एक होता. त्याच्याकडे तिनं ती नेऊन दिली. "मेलीय जवळजवळ," तो म्हणाला. आठ दिवस घेतले त्यानं. नवव्या दिवशी फोन आला, "मॅडम, निघालं बहुतेक सगळं. घेऊन जा."

तिनं वरच्या खोलीत दार लावून ती उघडली. छावणीचे शंभरेक कप्पे होते. टँकर, गव्हाण, सरपंच, डॉक्टर. एका कप्प्याचं नाव वाचून तिचा हात थांबला. 'साळूबाई – नको'. नाव तिनंच दिलेलं. घाईच्या दिवसांत ती असंच लिहायची: हवं, बघू, नको.

सत्तेचाळीस मिनिटांचं बोलणं होतं. साळूबाई एका म्हशीपाशी बसलेली. उन्हानं रापलेला, हाडकुळा चेहरा, कपाळावर मोठं गोंदण. कॅमेऱ्याकडे ती बघतच नव्हती. म्हशीच्या अंगावरच्या गोचड्या काढत बोलत होती.

"मी काय बोलू? तुमी इचारा, मी बोलते. म्हशीला तान लागली का ती दावं वढती. मानसाला लागली का मानूस गप बसतंय. एवढाच फरक."

मग ती छावणीतल्या चिखलाबद्दल बोलली, माहेरच्या विहिरीबद्दल बोलली, पेंडीबद्दल बोलली. प्रत्येक वाक्यानंतर थांबायची. शरयूचं बोट सवयीनं पुढं ढकलायला जायचं आणि ती ते मागं घ्यायची. तेहतिसाव्या मिनिटाला साळूबाई गप्प झाली. म्हशीच्या कानावरून हात फिरवत राहिली. पन्नासेक सेकंद तशीच गेली. धैर्यशीलनंही काही विचारलं नाही. मग ती बोलली.

"माझी येक ल्येक हुती. भामा. चार वर्साची. तिला ताप चढला त्यो दिस जत्रंचा हुता, म्हसवडला सिद्धनाथाचा रथ. हे सकाळीच गेल्यालं, तितं कुस्त्या हुत्या. म्या अर्जुनाभावजींच्या हाती सांगावा धाडला. वाट बगितली. दुपार कलली, ह्येंचा पत्त्या न्हाई. मग म्याच पोरीला खांद्यावर घेतलं न् डाक्टरकडं निगाले. मानगंगेत पानी न्हवतं, निस्ती वाळू. वाळूत पाय रुततेत. मदीच पोरगी जड झाली. तापल्यालं प्वार हालकं आसतं वो. जड झाली तवा मला कळलं."

ती पुन्हा थांबली.

"भावजी म्हनलं, गर्दीत ह्ये घावलं न्हाईत. आसंल. म्या ह्येंना कवाच काय इचारलं न्हाई. भाकरी वाढली, पुढं पोरगा झाला, समदं झालं. पर इसरले न्हाई. ह्येंच्या तोंडाकडं बगितलं का मला ती कुस्ती दिसती. म्या बगितल्याली बी न्हाई, तरी दिसती."

त्यानंतर तिनं पदरानं तोंड पुसलं आणि म्हणाली, "आज कडबा आला न्हाई आजून." आणि कडब्याचं बोलायला लागली.

 हे आपण बारा वर्षांपूर्वी पाहिलं होतं, त्याला 'नको' असं नाव दिलं होतं आणि नंतर विसरलोही होतो, हे शरयूला खरं वाटेना. मग तिच्या डोळ्यांपुढं केरबा आला, खुर्चीच्या कडेला टेकलेला. शहात्तर वर्षांचा माणूस बायकोचा आवाज ऐकायला आलाय. त्याच्या हातात हे द्यायचं? साळूबाई ज्या गोष्टीबद्दल जन्मभर बोलली नाही, ती तिच्या माघारी आपण त्याला ऐकवायची?

तिनं ठरवायला फार वेळ घेतला नाही. एवढ्या वर्षांत असले निर्णय तिचे हातच घेत आले होते. भामाचं सगळं तिनं काढलं, साडेचार मिनिटं. म्हशीच्या कानाचं एक दृश्य त्या जागी टाकलं, मागचा आवाज पुढच्या आवाजात मिसळला. पेंडीवरून कडब्यावर बोलणं असं आलं की साळूबाई मध्ये कधी थांबलीच नव्हती. तात्यांना वर बोलावून तिनं ते दाखवलं.

"किती निर्मळ बाई," तात्या म्हणाले. "म्हातारा खूश होईल."

ती स्वतःच गाडी घेऊन निघाली. पेनड्राइव्ह मयूरीच्या हाती देऊनही भागलं असतं, पण बारा वर्षांपूर्वी आपण त्या बाईला काढलं, निदान घरी जाऊन देऊन यावं, असं तिला वाटलं. तासगाव, भिवघाट, आटपाडी करत ती म्हसवडला पोचली तेव्हा अकरा वाजले होते. जत्रा नुकतीच पांगली होती. मैदानात मोठ्या पाळण्याचे लोखंडी सांगाडे सोडून ट्रकवर चढवत होते. वाऱ्यानं गुलाल आणि कागद उडत होते. मयूरी फाट्यावर येऊन थांबली होती. तिला रविवारची सुट्टी होती.

वस्तीवर चार घरं. केरबाचं घर पत्र्याचं, पुढं शेणानं सारवलेला सोपा. मयूरीचे वडील सैन्यात सुभेदार, राजस्थानात. आई माहेरी गेलेली. सोप्यात एक खाट, भिंतीला टेकून ज्वारीचं पोतं. केरबानं खाटेवर वाकळ अंथरून ठेवली होती आणि स्वतः खाली जमिनीवर बसला होता. शरयूनं पोत्यावर लॅपटॉप ठेवला.

साळूबाई बोलायला लागली.

पहिल्या वाक्याला केरबाची मान हलली. पटका काढून त्यानं मांडीवर घेतला. मयूरी खाटेच्या पायाशी बसली होती. आजीचा आवाज ऐकून तिनं तोंडावर ओढणी धरली. "म्हशीला तान लागली का..." हे आलं तेव्हा केरबा हसला. "ही आशीच बोलायची," तो शरयूला म्हणाला. माहेरच्या विहिरीचं आलं तेव्हा त्यानं विहिरीचं नाव आधीच पुटपुटलं. शेजारच्या घरातली एक बाई दारात येऊन उभी राहिली, जरा वेळ ऐकून डोळ्याला पदर लावून गेली.

बेचाळीस मिनिटं झाली. पडदा काळा झाला. केरबा तसाच बघत राहिला.

"आबा," मयूरी म्हणाली, "संपलं."

"न्हाई," केरबा म्हणाला. त्यानं शरयूकडं पाहिलं. "ताई, येक ऱ्हायलं."

"काय राहिलं, आबा?" शरयूनं विचारलं.

"पेंडीचं बोलून झाल्यावर ती गप बसली हुती. लय येळ. मग भामाचं बोलली. मग कडब्याचं. त्ये मदलं कुठाय?"

बत्तीस वर्षांत तिचा सांधा कुणी पकडला नव्हता.

"तुम्ही... तुम्ही तिथं होता?"

"पेंडीची पाटी घिऊन येत हुतो. कडब्याच्या गंजीआड थांबलो. समदं ऐकलं."

"ते मी काढलं, आबा," ती म्हणाली.

"का वो?"

"तुम्हाला लागेल म्हणून."

 केरबा म्हणाला, त्याचा आवाज चढला नव्हता, "लागू द्या की. माझंच हाय त्ये." आणि पुढं, "तवा बी काढलं. आता बी काढलंसा."

मयूरी दोघांकडे बघत होती. तिला काहीच माहीत नव्हतं. "आबा, भामा कोण?" तिनं विचारलं.

वीरधवलनं काढून दिलेल्या चित्रीकरणाची डिस्क कामाच्या बॅगेत, गाडीतच होती. शरयू उठली, अंगणातून गाडीपर्यंत गेली. तिथं ऊन तापलं होतं. तिनं दार उघडलं. या माणसाला काय सोसेल आणि काय नाही, हे आपण कोण ठरवणार होतो? आणि तिला हेही कळलं की प्रश्न फक्त आजचा नव्हता. किती जणांचं किती काढलं असेल. त्यांतलं कुणी कधी दारात आलं नाही एवढंच. तिनं डिस्क घेतली आणि परत आली.

"आबा, मयूरीला बाहेर थांबायला सांगू का?"

"बसू दे. मोठी झालीया."

तिनं तेहतिसावं मिनिट लावलं. साळूबाई गप्प झाली. सोप्यात कोणी हललं नाही. मग ती भामाचं बोलली. माणगंगेची वाळू आली, पोरगी जड झाली ते आलं, कुस्ती आली. मयूरी रडत नव्हती, नुसती डोळे मोठे करून बघत होती. साळूबाई "आज कडबा आला न्हाई" म्हणाली तेव्हा केरबानं हात वर केला. "थांबवा."

शरयूनं थांबवलं. पडद्यावर साळूबाई पदर हातात धरून तशीच राहिली, मान थोडी वळलेली.

केरबा जमिनीवरूनच पुढं सरकला. लॅपटॉपपासून हातभर अंतरावर बसला.

"साळे," तो म्हणाला. "अर्जुना घावला हुता मला."

मयूरीनं मान वर केली.

"घावला हुता. दुपारीच. लिंबाखाली आमी बसलो हुतो. म्हनला, केरबा, पोरीला ताप हाय, वहिनीनं बोलावलंय. म्या म्हनलं, ताप काय, उतरंल. धाकल्या भावाची कुस्ती हाय, येवढी बगतो न् निगतो. येकीच्या दोन झाल्या. सांजच्याला घरी आलो तवा तू पोरीला मांडीवर घिऊन बसलीवतीस. म्या अर्जुनाचं पाय धरलं. म्हनलं, घावला न्हाई म्हून सांग. त्यो बिचारा मरस्तवर त्येच सांगत ऱ्हायला. त्येनं माझ्याशी पुन्यांदा कवा मन मोकळं करून बोलनं केलं न्हाई, पर तुला सांगितलं न्हाई."

त्याचा श्वास लागला. त्यानं पटक्याच्या टोकानं तोंड पुसलं.

"तू छावनीत बोललीस त्या दिशी म्या ऐकलं. तू मला लबाड न्हाई म्हनलीस. 'आसंल' म्हनलीस. त्येच लय लागलं. म्हनलं आज सांगू. म्हनलं उंद्या सांगू. आट वर्सं ग्येली. मग तुजी वाचा ग्येली. मग कसं सांगनार? तुला उलटून बोलता बी आलं नसतं. मला शिवी बी देता आली नसती. आशा मानसाला सांगनं म्हंजी... त्ये बरं न्हवं. म्हून न्हाई सांगितलं. आता सांगतोय."

 बाहेर एक शेळी ओरडली. मयूरी उठून आत गेली. आतून भांड्यांचा आवाज आला नाही, पावलांचाही नाही. शरयूला वाटलं काहीतरी बोलावं. अर्धा जन्म कुठल्या दृश्यानंतर काय यावं हे ठरवण्यात गेलेला, आणि इथं तिला एक वाक्य सापडेना. ती खाटेवरून उतरून खाली बसली, केरबाच्या शेजारी. दोघं थांबलेल्या साळूबाईकडं बघत राहिले.

"ताई, आता म्होरचं लावा," बऱ्याच वेळानं केरबा म्हणाला. "कडब्याचं."

तिनं लावलं. शेवटपर्यंत दोघांनी पाहिलं.

मग मयूरी दोन ताटं घेऊन बाहेर आली. बाजरीची भाकरी, हुलग्याचं माडगं, कांदा. तिनं एक ताट शरयूपुढं ठेवलं, दुसरं आबापुढं. ठेवताना तिनं आबाकडं पाहिलं नाही. "जेवा," एवढंच म्हणाली. केरबानं भाकरी मोडली पण तोंडात घातली नाही. शरयू जेवली, कारण उठून जाणं बरं दिसलं नसतं.

निघताना तिनं आपण कापलेलं बेचाळीस मिनिटांचं पुसून टाकलं आणि सत्तेचाळीस मिनिटांचं मयूरीच्या पेनड्राइव्हवर उतरवून दिलं. "मी तुमची माफी मागते, आबा," ती म्हणाली. "दोन्ही वेळची."

"तुमी ठिवलंत तरी," केरबा म्हणाला. "टाकून दिलं नसतं का कुनी?"

फाट्यापर्यंत मयूरी गाडीत सोबत आली. उतरताना म्हणाली, "मॅडम, आजीला हे कळायला हवं होतं." शरयूनं मान हलवली.

घरी पोचली तेव्हा तात्या अंगणात खुर्ची टाकून बसले होते. "झाला का खूश?" त्यांनी विचारलं. तिनं सगळं सांगितलं, 'नको' पासून. आपल्या कामाबद्दल तिनं तात्यांना कधी इतकं सांगितलं नव्हतं. तात्या ऐकून घेत होते. शेवटी म्हणाले, "तू मला दाखवलंस तेव्हा मला काहीच कळलं नाही गं. मी म्हटलं किती निर्मळ बाई." आणि चष्मा काढून पुसत बसले.

मालिकेचं काम चालूच होतं. ते थांबवून भागत नव्हतं. पण त्या आठवड्यात तिनं मुंबईच्या एका निर्मात्याला कळवलं की इथून पुढं माहितीपटाचं चित्रीकरण आधी सबंध बघितल्याशिवाय ती कात्री लावणार नाही, मग कितीही दिवस लागोत. निर्मात्यानं दुसरा संकलक बघितला. तिनं वाद घातला नाही.

दीड महिन्यानं मयूरीचा फोन आला, मिरजेहून.

"मी पप्पांना सांगितलं फोनवर," ती म्हणाली. "सांगायला नको होतं का, माहीत नाही. त्यांना एवढंच माहीत होतं की आपल्या आधी एक बहीण होती, गेली. ते पंधरा दिवस आबाशी बोललेच नाहीत. आबा रोज माझ्याकडं विचारायचे, दाद्याचा, म्हणजे पप्पांचा, फोन आला का."

"मग?"

"मग ते रजेवर आले. गणवेश सुद्धा उतरवला नाही. आबा सोप्यात बसले होते. पप्पा म्हणाले, तिला कुठं पुरलं? आबा उठले. काठी घेतली आणि पुढं चालायला लागले. मी मागं मागं गेले. माणगंगेच्या काठाला, पलीकडच्या अंगाला. तिथं आता कुणाचं तरी डाळिंब आहे, ठिबकच्या नळ्या टाकल्यात. आबा बांधावरून मोजत मोजत गेले आणि एका झाडापाशी थांबले. म्हणाले, इथं. जरा अलीकडं असंल, पर इथंच."

"आणि पप्पा?"

"पप्पा वाकले. बूट काढून बाजूला ठेवले आणि खाली बसले. मग आबाही बसले. बागेचा मालक आला, म्हणाला, कोण तुम्ही? पप्पांनी सांगितलं, आमची बहीण आहे इथं. तो बिचारा चपला काढून उभा राहिला."

शरयू जिन्यात उभी होती. खाली तात्या कुणाला तरी पत्र लिहीत होते.

"पप्पांची रजा वीस तारखेपर्यंत आहे," मयूरी म्हणाली. "आबांनी तुम्हाला यायला सांगितलंय. काही काम नाही, नुसतं जेवायला."

"येते," शरयू म्हणाली. "तात्यांनाही घेऊन येते."